श्यू फंगचे तलवारपट: कुठून सुरुवात करावी, कोणती प्रत धरावी?

तिसरी घंटा:

नमस्कार मंडळी. तैवानच्या तलवारपटांतल्या श्यू फंग या अभिनेत्रीबद्दल जाणकारांनी जरा प्रकाश टाकावा. दिग्दर्शक किंग हूचा 'अ टच ऑफ झेन' बघून झाला आहे, आता तिचं बाकीचं काम रीतसर बघायचं आहे. पण शोधायला गेलं की गोंधळ. एकाच चित्रपटाची दोन-तीन नावं, लांबी प्रत्येक ठिकाणी वेगळी, आणि तिच्या नावाचं रोमन स्पेलिंगही जागोजागी निराळं.

नेमके प्रश्न असे. कोणत्या क्रमाने बघावं आणि कोणती प्रत खरी मानावी? तिला युद्धकलेचं शिक्षण नव्हतं म्हणतात, मग पडद्यावर ती एवढी पटते कशी? आणि १९८० नंतर ती पडद्यावरून जवळजवळ दिसेनाशी होते, ते का?

कथानकं फोडू नयेत ही विनंती.

---

आडवा पडदा:

आधी प्रतीचं बोलू, कारण चुकीच्या प्रतीवर पाहिलेली श्यू फंग ही अर्धीच श्यू फंग असते.

किंग हूचे हे सगळे चित्रपट २.३५:१ अशा रुंद चौकटीत चित्रित झालेले आहेत. जुन्या टीव्हीसाठी ते ४:३ मध्ये कापले की चौकटीचा ४० टक्क्यांहून जास्त भाग जातो. किंग हू माणसं चौकटीच्या अगदी कडेला उभी करतो, त्यामुळे नुसती शोभा जात नाही, गोष्टच जाते. 'रेनिंग इन द माउंटन'मध्ये श्यू फंग मठाच्या ओवऱ्यांतून लपतछपत पळते. एका टोकाला ती आणि दुसऱ्या टोकाला येणारा भिक्षू, दोघं एकाच चौकटीत असतात. कापलेल्या प्रतीत दोघांपैकी एकच उरतो आणि ती कोणापासून लपते आहे हेच कळत नाही. प्रत उघडल्याबरोबर आधी हे तपासा: वर-खाली काळ्या पट्ट्या नसतील आणि चित्र चौकोनी असेल तर बंद करा.

दुसरी खूण लांबीची. 'अ टच ऑफ झेन'ची पूर्ण प्रत साधारण १८० मिनिटांची. कुठे १७३ मिनिटं लिहिलेलं दिसलं तर घाबरू नका, ती बहुधा युरोपीय टीव्ही पद्धतीची प्रत असते. सेकंदाला २४ ऐवजी २५ फ्रेम धावतात, म्हणून चित्रपट ४ टक्के लवकर संपतो. कापलेलं काही नसतं. 'लेजंड ऑफ द माउंटन'चं मात्र तसं नाही. पूर्ण प्रत तीन तासांहून जास्त लांबीची आहे आणि दोन तासांच्या आत संपणारी जी फिरते ती सरळ कापलेली आहे. त्या कापाकापीत श्यू फंगच्या भूमिकेचा सावकाश उलगडणारा भाग जातो आणि उरते फक्त एक भीतिदायक बाई. ती प्रत बघून मत बनवलेले बरेच लोक भेटतात.

'अ टच ऑफ झेन'च्या दोन भागांचाही घोळ आहे. तैवानमध्ये तो १९७० आणि १९७१ असा दोन भागांत आला. बांबूच्या बनातली लढाई पहिल्या भागाच्या शेवटी होती आणि दुसऱ्याच्या सुरुवातीला तीच पुन्हा दाखवली होती. म्हणून जुन्या नोंदींत लांबी आणि साल जुळत नाहीत. १९७५ साली कान महोत्सवात तांत्रिक कामगिरीचा मोठा पुरस्कार मिळाला तो एकसंध तीन तासांच्या प्रतीला.

डिस्क मागवणार असाल तर ही गोष्ट आधी बघा: ब्लू-रेच्या वाटणीत भारत 'सी' विभागात येतो. अमेरिका, हाँगकाँग, तैवानच्या डिस्क 'ए', ब्रिटन आणि युरोपच्या 'बी'. विभागाचं कुलूप असलेली डिस्क इथे घेतलेल्या साध्या प्लेयरवर चालणार नाही, सर्व विभाग वाचणारा प्लेयर लागतो. फोरके अल्ट्रा एचडी डिस्कला ही भानगड नाही, पण प्लेयर त्या जातीचा हवा.

आता क्रम. सालवार जाऊ नका. 'ड्रॅगन इन' (१९६७) मध्ये श्यू फंग आहे, पण मारल्या गेलेल्या मंत्र्याच्या हद्दपार मुलीच्या छोट्याशा भूमिकेत. तिच्यासाठी म्हणून बघाल तर हिरमोड होईल. किंग हूची पद्धत कळावी म्हणून बघायचा असेल तर जरूर बघा, मात्र १९९२ चा त्याच कथेवरचा हाँगकाँगी चित्रपट वेगळा आणि २००३ चा 'गुडबाय, ड्रॅगन इन' त्याहून वेगळा. शोधताना तिन्ही एकत्र येतात.

माझा क्रम असा: 'अ टच ऑफ झेन' झालाच आहे, तर पुढे 'द फेट ऑफ ली खान' (१९७३), मग 'द व्हॅलियंट वन्स' (१९७५), त्यानंतर 'रेनिंग इन द माउंटन' आणि शेवटी 'लेजंड ऑफ द माउंटन' (दोन्ही १९७९). पहिल्यात ती नायिका, दुसऱ्यात खलनायिका, तिसऱ्यात जवळजवळ मुकी, चौथ्यात चोर आणि पाचव्यात... ते तुम्हीच बघा. एवढ्या पाचांत तिचा आवाका कळतो.

---

समेवर:

दुसऱ्या प्रश्नावर लिहितो.

श्यू फंगचा जन्म तैपेईचा, १९५० चा. शाळकरी वयातच ती युनियन फिल्म कंपनीत आली. किंग हू तेव्हा हाँगकाँगच्या शॉ ब्रदर्स स्टुडिओतून बाहेर पडून नुकताच तैवानला आलेला आणि या कंपनीसाठी नव्या मुला-मुलींना हाताशी धरून काम करणारा. ती ना पेकिंग ऑपेराच्या (म्हणजे गाणं आणि कसरतीच्या चिनी संगीत नाटकाच्या) शाळेतली, ना कराटेवाली. तिच्याच वयाची अँजेला माओ तैवानच्या फू शिंग ऑपेरा शाळेत लहानपणापासून घासून निघालेली. दोघींची तुलना करायला 'द फेट ऑफ ली खान'इतका चांगला चित्रपट नाही, कारण दोघी त्यात आहेत आणि मारामाऱ्यांची आखणी एकाच माणसाची, सॅमो हुंगची आहे. अँजेला माओ खानावळीत वाढणारी, श्यू फंग मंगोल सरदाराची बहीण.

बघताना एक करा. अँजेला माओचा कोणताही वार घ्या आणि कट कुठे येतो ते बघा. पाय उचलला, फिरला, लागला, परत जमिनीवर आला, हे सगळं बऱ्याचदा एका शॉटमध्ये मिळतं. कमरेतून जोर येतो तो दिसतो. श्यू फंगच्या बाबतीत एक हालचाल दोन-तीन तुकड्यांत येते. ही काही लपवाछपवी नाही, किंग हूची तीच रीत आहे. ती अशी चालते:

पहिला तुकडा झेपेचा. दगडामागे किंवा गवतात छोटी ट्रॅम्पोलिन (उसळी देणारी ताणलेली जाळी) दडवलेली असते. कॅमेरा खालून लावलेला, म्हणजे पाय कुठे पडला ते दिसत नाही, फक्त शरीर चौकटीबाहेर गेलेलं दिसतं. दुसरा तुकडा हवेतला, तो कित्येकदा आठ-दहा फ्रेमचा. सेकंदाला २४ फ्रेम धरल्या तर एक तृतीयांश सेकंदाच्या आसपास. डोळ्याला 'काहीतरी गेलं' एवढंच कळतं. तिसरा तुकडा उतरण्याचा, आणि तो थांबतो. पाय रोवलेले, तलवार स्थिर, नजर समोर. ऑपेरात नट जसा ठोक्यावर येऊन ठरतो तसं. आपल्याकडे तबलजी तिहाई घेऊन समेवर येतो ना, तोच हिशेब: मधल्या तुकड्यांची घाई त्या एका थांब्यासाठी असते.

आता यात नटीकडून काय लागतं? झेप नाही, ती ट्रॅम्पोलिन देते, आणि फारच अवघड कोलांटी असेल तर या पद्धतीत कसरतपटू घालता येतो. लागतो तो थांबा. आणि लागते नजर. पहिल्या तुकड्यात ती डावीकडे वर बघत असेल आणि दुसऱ्यात अंग उजवीकडे जात असेल तर प्रेक्षकाचं मन लगेच 'हे जोडलंय' म्हणतं. त्या काळच्या स्वस्त नकलांत हेच बिघडायचं: ट्रॅम्पोलिन तीच, कटही तेवढेच, पण नट उडी मारताना पायाखाली बघतो. श्यू फंग कधीच बघत नाही. झेपेआधी तिची नजर जिथे टेकते तिथेच ती उतरल्यावर असते, आणि पापणी फारशी लवत नाही. तीन तुकडे त्या नजरेने शिवले जातात.

बांबूच्या बनातली लढाई या दृष्टीने पुन्हा बघा. पडद्यावर दहा-एक मिनिटांचा प्रसंग, चित्रीकरण २५ दिवसांचं. आखणी हान यिंगजिएची (ब्रूस लीच्या 'द बिग बॉस'मधला मुख्य खलनायक तोच, 'अ टच ऑफ झेन'मध्येही शेवटी मोठ्या शत्रूच्या भूमिकेत आहे). सेनापतीच्या आधाराने ती वर जाते, बांबूंना पाय लावत आणखी वर चढते आणि तलवार पुढे करून खाली झेपावते. हा संपूर्ण मार्ग एका शॉटमध्ये कुठेही नाही. वर गेलेली ती, बांबूचे शेंडे, खाली उभा असलेला माणूस, खाली येणारी ती: प्रत्येक तुकडा वेगळा घेतलेला. मध्ये तिच्या चेहऱ्याचा जो क्षणभराचा शॉट येतो तो काढून टाकलात तर बाकीचं कोलमडतं.

'ती लढू शकत नव्हती, संकलनाने तारलं' असं कोणी म्हणालं तर त्याला हा प्रसंग फ्रेमगणिक दाखवावा. संकलकाला शिवायला धागा तिनेच दिलाय.

---

तिसरी घंटा:

दोघांचेही आभार. एक उपप्रश्न: 'अ टच ऑफ झेन'मध्ये पहिली लढाई यायलाच जवळपास तास जातो. तोवर ती नुसती वावरते. त्या तासात नेमकं काय बघायचं? पहिल्यांदा बघताना तो भाग जड गेला.

---

समेवर:

तो तास चित्रकार कूच्या डोळ्यांनी बघायचा असतो. पडक्या गढीत कोणीतरी राहायला आलंय, ते माणूस की भूत, हे त्याला कळत नाही आणि आपल्यालाही कळू दिलं जात नाही. मूळ कथा पू सोंगलिंगच्या सतराव्या शतकातल्या अद्भुत कथांच्या संग्रहातली, त्यामुळे चिनी प्रेक्षक भुताच्या तयारीनेच बसलेला. श्यू फंगला इथे दोन्ही शक्यता जिवंत ठेवायच्या आहेत. ती हसली तर माणूस ठरते, फारच थंड राहिली तर भूत ठरते.

तिने काय केलंय बघा. बोलताना ती समोरच्याकडे आधी वळत नाही. आधी डोळे, मग मान, मग खांदे. साध्या घरकामात हात भरभर चालतात, पण कोणी आलं की एकदम थांबतात. पुढे कळतं की तिच्या अधिकारी बापाला दरबारातल्या खोज्याच्या हेरखात्याने हाल करून मारलंय आणि ती फरारी आहे. मग मागचे ते थांबे पुन्हा आठवतात: ती गूढ नव्हती, कानोसा घेत होती. दुसऱ्यांदा बघताना हा पहिला तास सगळ्यात भरलेला वाटतो.

आवाजावर जाऊ नका. त्या काळात तैवानमध्ये चित्रण मुकं व्हायचं आणि मँडरिन संवाद नंतर स्टुडिओत भरले जायचे. ओठ आणि शब्द थोडे मागेपुढे दिसले तर प्रत खराब नाही, काम तसंच व्हायचं. इंग्रजीत डब केलेली प्रत मात्र टाळाच. तिथे सगळ्या बायकांना एकाच चिडक्या सुरात बोलायला लावलंय आणि तिच्या थांब्यांवर शब्द कोंबलेत.

---

पिटातला प्रेक्षक:

वर सगळं किंग हूभोवती फिरतंय, म्हणून थोडा विरोधी सूर लावतो. तैवानच्या मारधाडपटांतली 'अभिनेत्रीची कारकीर्द' म्हणजे वर्षाला कितीतरी चित्रपट, एकाच वेळी दोन-तीन सेटवर हजेरी आणि उरलेलं आयुष्य कोरियात नाहीतर हाँगकाँगात शूटिंग. किंग हूचे पाच चित्रपट ही मलई झाली. खालचं दूध बघायचं नाही का?

आणि तैवानच्या तलवारपटांची पहिली मोठी नायिका म्हणाल तर शांग्वान लिंगफंग, जिचं नाव इंग्रजीत पॉली शांग्वान असंही येतं. 'ड्रॅगन इन'ची नायिका तीच, पुरुषवेशात खानावळीत शिरणारी. तो चित्रपट आशियाभर तुफान चालला तो तिच्या जोरावर. तिला कराटेचं शिक्षण होतं आणि तिला एका शॉटमध्ये सलग लढताना दाखवायला दिग्दर्शकाला भीती वाटत नसे. १९७३ साली 'बॅक ॲली प्रिन्सेस'साठी तिला तैवानचा गोल्डन हॉर्स हा चित्रपट पुरस्कार मिळाला, सर्वोत्कृष्ट अभिनेत्री म्हणून. पुढे जोसेफ कुओच्या '१८ ब्रॉन्झमेन'पर्यंत (१९७६) ती सतत धावत होती. (सावधान: 'द फेट ऑफ ली खान'मध्ये शांग्वान आडनावाची जी नटी खानावळीत वाढणारी आहे ती शांग्वान यान-अर, ही नव्हे. कित्येक याद्यांत दोघींना एक केलंय.)

श्यू फंगचं दूधही बघाच. 'अ सिटी कॉल्ड ड्रॅगन' (१९७०) हा किंग हूच्याच हाताखाली तयार झालेल्या तू चोंगशुनचा, नायक 'अ टच ऑफ झेन'मधलाच शिह चुन. गुरूची शैली शिष्याच्या हातात कशी दिसते ते कळतं: चौकट तशीच, पण प्रसंग ताणायचा धीर कमी. मग 'टू किल विथ इंट्रीग' (१९७७). दिग्दर्शक लो वेई, नायक तरुण जॅकी चॅन, जो अजून विनोदी मारामारीकडे वळलेला नाही आणि इथे लांब केस घेऊन विव्हळत फिरतो. श्यू फंग चेहऱ्यावर व्रण असलेली टोळीची म्होरकी. चित्रपट एकूण विस्कळित, कथेला शेंडाबुडखा नाही, पण त्यात सगळ्यात खमकं कोण दिसतं ते बघा. जॅकी तिच्यासमोर मार खातो तो पटतो.

याशिवाय देशभक्तीपर युद्धपटांची लाट. १९७२ मध्ये जपानने तैवानशी राजनैतिक संबंध तोडले आणि जपानविरोधी युद्धाचे चित्रपट जोरात निघू लागले. 'एट हंड्रेड हीरोज' त्यातलाच, शांघायच्या गोदामातल्या १९३७ च्या लढ्यावर. त्यात श्यू फंगच्या हाती तलवार नाही, ती सेनाधिकाऱ्याची बायको आहे. तलवारपटांची नटी म्हणून तिला एका खणात टाकणाऱ्यांनी हा बघावा.

---

आडवा पडदा:

पिटातले साहेब, शांग्वानबद्दल दुमत नाही, आणि 'अ सिटी कॉल्ड ड्रॅगन' क्रमात घालायला हवा होता हे खरं. पण 'किंग हू म्हणजे मलई' याला हरकत आहे. तुम्ही म्हणता त्या धावपळीतच त्याने तिला दर वेळी वेगळं काम दिलंय. 'द व्हॅलियंट वन्स' घ्या. जपानी-चिनी चाच्यांविरुद्ध लढणाऱ्या मूठभर माणसांची गोष्ट, त्यात बाय यिंग आणि श्यू फंग हे नवरा-बायको. तिला संवाद जवळपास नाहीतच. हातात धनुष्य, आणि काम ऐकण्याचं: शत्रू कुठून येतोय हे बाकीच्यांना दिसण्याआधी तिची मान वळते. कॅमेरा बऱ्याचदा शत्रूकडे न जाता तिच्यावर राहतो. नायिकेला शब्दच नाहीत अशी भूमिका धंदेवाईक मारधाडपटात कोणी लिहिली असती?

हा चित्रपट वर्षानुवर्षं फिकट, ओरखड्यांनी भरलेल्या प्रतींवर बघावा लागायचा. त्या प्रतींत तळाला पांढरी सबटायटलं छापलेली, आणि मागे वाळू किंवा आभाळ आलं की अक्षरंच गायब. आता फोरके पुनर्जतन झालेली प्रत आली आहे, तीच बघा.

आणि १९७९ ची जोडगोळी. दोन्ही दक्षिण कोरियात पाठोपाठ चित्रित झाले, बरीच माणसंही तीच. 'रेनिंग इन द माउंटन'मध्ये मारामारी फार थोडी, सगळा खेळ ह्युएनत्संगच्या हातची मानली जाणारी पोथी मठातून चोरण्याचा. श्यू फंग सावकाराची रखेल म्हणून मठात आलेली, प्रत्यक्षात सराईत चोर. भिक्षूंसमोर पावलं छोटी, हात बाहीत. कोपरा वळला की तीच बाई मांजरीसारखी. तो बदल ज्या ठिकाणी होतो ती जागा किंग हू जवळपास प्रत्येक वेळी एका खांबामागे ठेवतो. 'लेजंड ऑफ द माउंटन'मध्ये तर तलवारच नाही, ढोल आहे. तिबेटी लामाशी तिचं जे द्वंद्व चालतं ते ढोल आणि झांजांचं. तिथे मनगट बघा, आणि ठोका पडण्याआधीचा चेहरा बघा.

---

रीळ नंबर सात:

तिसऱ्या प्रश्नाकडे अजून कोणी वळलं नाही, म्हणून लिहिते.

ती दिसेनाशी झाली ती अपयशाने नव्हे. गोल्डन हॉर्सचा सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा पुरस्कार तिला दोनदा मिळाला: १९७६ मध्ये 'असॅसिन'साठी आणि १९८० मध्ये 'द पायोनियर्स'साठी. दुसरा तर तलवारपटही नाही. तैवानच्या मियाओली भागात जमिनीतून तेल काढणाऱ्या पहिल्या माणसांची ती गोष्ट. म्हणजे शिखरावर असताना ती थांबली. उद्योगपतीशी लग्न, आणि त्या काळच्या रीतीप्रमाणे पडद्याला रामराम. तलवारपटांचा बाजारही तोवर उतरणीला लागला होता, किंग हूच्या संथ, खर्चिक पद्धतीला पैसा घालणारे उरले नव्हते. ती राहिली असती तरी तिच्या जोगं काम किती निघालं असतं याची शंकाच आहे.

पण १९८४ मध्ये तिने टॉमसन ही निर्मिती संस्था काढली, आणि इथून पुढे तिचं नाव नटांच्या यादीत शोधू नका, निर्मात्यांच्या यादीत शोधा. सुरुवात 'कुंग फू किड्स'सारख्या लहान मुलांच्या हमखास चालणाऱ्या मारधाड-विनोदी चित्रपटांनी. त्यातून हात बसल्यावर यिम होचा 'रेड डस्ट' (१९९०), ज्याला आठ गोल्डन हॉर्स मिळाले. आणि मग 'फेअरवेल माय कॉन्क्युबाइन'. लिलियन लीच्या कादंबरीचे हक्क श्यू फंगने घेतले आणि दिग्दर्शनासाठी चेन कायगेला गाठलं. १९९३ मध्ये कानचा सर्वोच्च पुरस्कार पाम दोर, जेन कॅम्पियनच्या 'द पियानो'सोबत विभागून. पेकिंग ऑपेराच्या शाळेतल्या मारझोडीपासून सुरू होणारी कथा पडद्यावर आणायला पुढे झालेली बाई स्वतः ऑपेराच्या तालावर उभ्या असलेल्या चित्रपटांतून वाढलेली होती, हे विसरू नये. (त्याचीही प्रत जपून घ्या. पूर्ण लांबी १७१ मिनिटं. अमेरिकेत तेव्हा दाखवलेली प्रत सुमारे १४ मिनिटं कापलेली होती.) त्यानंतर चेन कायगेचाच 'टेम्प्ट्रेस मून' (१९९६).

आज 'अ टच ऑफ झेन' जसा दिसतो त्याचं श्रेयही तिचंच. मूळ निगेटिव्हवरून बोलोन्याच्या प्रयोगशाळेत जे फोरके पुनर्जतन झालं त्याचा खर्च तिने उचलला आणि २०१५ मध्ये ती प्रत कानच्या जुन्या चित्रपटांच्या विभागात दाखवली गेली. २०१७ ला गोल्डन हॉर्सचा जीवनगौरव. नटी म्हणून तिची मधली बरीच कामं मात्र अजून धड प्रतीत मिळत नाहीत, आणि हे तिच्याच नव्हे, त्या काळच्या बहुतेक तैवानी नायिकांच्या वाट्याला आलंय.

शोधताना रोमन स्पेलिंगच्या मागे लागू नका. चिनी रोमनमध्ये लिहिण्याची जुनी पद्धत वेड-जाइल्स, नवी पिनयिन, आणि निर्यातीसाठी वितरकाने मनाने ठोकून दिलेलं, असे किमान तीन प्रकार आहेत. चिनी लिपीतलं तिचं नाव एकदा उचलून शोधखिडकीत टाका. यादी एकदम स्वच्छ होते. चित्रपटांच्या नावांनाही तीच युक्ती.

---

तिसरी घंटा:

सर्वांचे मनापासून आभार. 'द फेट ऑफ ली खान' आणि 'अ सिटी कॉल्ड ड्रॅगन' आधी घेतो. टीव्हीवरच बघायचं आहे, ५५ इंची. काही खास काळजी?

---

समेवर:

आहे. 'मोशन स्मूदिंग' किंवा त्या जातीचं जे काही तुमच्या टीव्हीत असेल ते पूर्ण बंद करा. प्रत्येक कंपनी त्याला वेगळं नाव देते. चित्राच्या प्रगत सेटिंगमध्ये सापडतं. टीव्ही दोन फ्रेमच्या मध्ये स्वतःची फ्रेम बनवून घालतो, आणि आठ-दहा फ्रेमचा तुकडा असेल तर त्याचा नुसता चिखल होतो. वर लिहिलेला झेप-हवा-थांबा हा हिशेब मग दिसणारच नाही. 'सिनेमा' किंवा 'फिल्ममेकर' मोड असेल तर तो लावा, आणि प्लेयरमधून २४ फ्रेमचं आउटपुट चालू ठेवा.

---

आडवा पडदा:

शिवाय चित्र कडेने कापलं जात नाही ना ते बघा. काही टीव्ही मुळातच थोडं मोठं करून दाखवतात. 'स्क्रीन फिट' किंवा 'जस्ट स्कॅन' लावलं की पूर्ण चौकट येते. 'अ टच ऑफ झेन' पुन्हा लावाल तेव्हा खोलीत अंधार करा. गढीतले रात्रीचे प्रसंग खरोखर काळोखात आहेत. दिवा चालू ठेवून ब्राइटनेस वाढवलात तर काळा राखाडी होतो, आणि भिंतीपाशी उभी असलेली ती आधीच दिसून जाते.

---

पिटातला प्रेक्षक:

'टू किल विथ इंट्रीग'साठी मात्र दिवा लावून, चहा घेऊन बसलात तरी चालेल. फक्त तिचे प्रसंग आले की कप खाली ठेवा.